सेवाग्रामचा पत्रव्यवहार आणि खाजगीपणाचा प्रश्न

महात्मा गांधींनी आयुष्यात काहीच झाकून ठेवले नाही, ह्या विधानावरून खाजगीपणा ही सुखवस्तूंची चैन होय, असा निष्कर्ष काढला जातो. सेवाग्रामशी निगडित लेखन व छायाचित्रे ह्यांचे परिशीलन केले असता तो टिकत नाही.

गांधीजी १९३६ मध्ये वर्ध्याजवळील शेगावी राहावयास आले. १९४० मध्ये त्या गावास सेवाग्राम हे नाव मिळाले. मातीच्या कुटीत माणसांची सतत वर्दळ असे, आणि महादेवभाई देसाई तेथील संभाषणे दैनंदिनीत टिपून ठेवीत. परंतु ह्या मोकळेपणाच्या मर्यादा गांधीजींनी स्वतःच आखल्या होत्या. सोमवारी मौन असे. कनू गांधींना छायाचित्रे घेण्यास अनुज्ञा मिळाली, तीही अटींवर: प्रकाशझोत वापरावयाचा नाही, कोणास मुद्दाम बसावयास सांगावयाचे नाही आणि खर्च आश्रमावर टाकावयाचा नाही. पाहणाऱ्याचे नियम येथे पाहिला जाणारा ठरवीत होता.

सरकारी पाळतीचे स्वरूप नेमके उलटे होते. १८९८ च्या पोस्ट कायद्यातील २६ व्या कलमाने सार्वजनिक सुरक्षिततेच्या नावाखाली टपाल अडविता येई. पत्र कोणी उघडले, हे पत्रलेखकास कळण्याची सोय नव्हती. (तो कायदा आता इतिहासजमा झाला असला, तरी अडविण्याचा अधिकार २०२३ च्या नव्या कायद्यातही कायम आहे, आणि २४ ऑगस्ट २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी खाजगीपणास मूलभूत अधिकार मानल्यानंतरचा हा कायदा आहे.) दोन्ही ठिकाणी पत्र तिसऱ्याने वाचले, एवढ्या साम्यावरून ही दोन वाचने एकाच मापाने मोजणे हा समीक्षेतील ढिलेपणा होय.

मात्र अभ्यासकांनी स्वतःकडेही पाहावयास हवे. गांधीजींच्या शंभर खंडांच्या संकलित वाङ्मयात आश्रमवासीयांना आहार, प्रकृती व ब्रह्मचर्य ह्यांविषयी लिहिलेली असंख्य पत्रे आहेत. गांधीजींची संमती गृहीत धरता येईल; पण ज्यांच्या व्याधींना व मनोविकारांना ती उत्तरे होती, त्यांची कशी धरावी? 'हरिजन'मध्ये शंकांना उत्तरे देताना गांधीजी पुष्कळदा पृच्छकाचे नाव देत नसत. संकलनात ते पत्राच्या शिरोभागी येते. संशोधकास नावाचा उपयोग होतो हे खरे. परंतु ब्रह्मचर्यविषयक विचारांची मीमांसा करताना व्यक्तिनामाची गरज क्वचितच पडते, आणि तरीही प्रबंधांतून ती नावे सर्रास उतरविली जातात.