कुंपणावरची बाई : 'हागाझुसा'

सुरुवात शीर्षकापासूनच करू. 'हागाझुसा' हा जुन्या जर्मनमधला शब्द. चेटकिणीला आज जर्मनमध्ये 'हेक्से' म्हणतात, तो याच कुळातला. त्यातला 'हाग' म्हणजे कुंपण. कुंपणावर बसलेली, अशी त्याची एक फोड सांगतात. आपण सहज 'वेशीबाहेरची' म्हणून मोकळे होऊ, पण फरक आहे बरं का. वेशीबाहेरची बाई नजरेआड करता येते. ही कुंपणावर आहे, सगळ्यांना सारखी दिसत राहते.

लुकास फायगेलफेल्डचा हा २०१७ सालचा चित्रपट म्हणजे बर्लिनच्या चित्रपट-अकादमीतला त्याचा पदवीचा प्रकल्प. काही पैसे लोकवर्गणीतून उभे केलेले. पैसा नाही म्हणून गर्दी नाही, लढाया नाहीत. आल्प्सचा बर्फ आहे, एक लाकडी झोपडी, शेळ्या आणि अलेक्झांड्रा स्वेनचा चेहरा. संवाद इतके कमी की एका वहीच्या दोन-चार पानांत मावावेत. शब्दांची जागा 'एमएमएमडी' या ग्रीक जोडीच्या संगीताने घेतली आहे. ते कानांपेक्षा छातीत जास्त वाजतं.

काळ पंधराव्या शतकाचा. अल्ब्रुन लहान असताना मुखवटे घातलेले लोक रात्री दाराशी येऊन तिच्या आईला चेटकीण म्हणून धमकावतात. आई रोगाने मरते. पुढे मोठी झालेली अल्ब्रुन तान्ह्या मुलीसह त्याच झोपडीत राहते. मूल कोणाचं, हे चित्रपट सांगत नाही, आणि आम्हाला ते आवडलं. गावातली स्विंदा मैत्री करते, ज्यू आणि पाखंड्यांबद्दल गोड आवाजात विष ओकते, आणि मग अल्ब्रुनवर अत्याचार होत असताना तिला धरून ठेवते. त्यानंतर अल्ब्रुन काय करते? गावाच्या पाण्यात मेलेला उंदीर टाकते. मंत्र नाही, बाहुली नाही, टाचण्या नाहीत. सूड म्हणजे एवढंच.

आमचं अडलं ते इथे. पाण्यात विष कालवल्याचा आरोप युरोपात जुना आहे. प्लेगच्या साथीत याच आरोपावरून १३४९ साली स्ट्रासबुर्गमध्ये ज्यूंना जाळलं गेलं. मग ज्या बाईवर खोटा आळ आला, तिच्याच हातून ते कृत्य करवून दिग्दर्शकाने गावालाच खरं ठरवलं की काय? प्रश्न नुसता युरोपचा नाही. सातपुड्यात, नंदुरबारकडे आजही बाईला डाकीण ठरवतात. जादूटोणाविरोधी कायदा आपल्याकडे २०१३ साली आला. तिथल्या प्रेक्षकाला हा चित्रपट दाखवला तर तो काय घेऊन घरी जाईल? 'बघा, म्हणजे करतातच या बाया,' असं तर नाही?

पहिल्यांदा पाहिला तेव्हा आम्ही चिडूनच उठलो होतो. दुसऱ्यांदा पाहताना क्रमाकडे लक्ष गेलं. आरोप आधी येतो, कृत्य तब्बल एका पिढीनंतर. गावाने आईला जे नाव दिलं, ते मुलीने वाढता वाढता आत घेतलं. दुसरं कोणतं नाव तिला कोणी दिलंच नाही. पुढे गावात मरण पसरतं, ते पाण्याने की साथीने हेही चित्रपट उलगडून सांगत नाही. म्हणजे ती खरोखर चेटकीण आहे, याचा पुरावा तिच्याजवळही नाही.

इतिहासाची एक गंमत सांगतो. १४८५ साली त्याच ऑस्ट्रियन मुलखात, इन्सब्रुकला, हाइनरिश क्रामर नावाच्या धर्मगुरूने बायकांवर खटला भरला. तो फसला, आणि बिशपनेच त्याला निघून जायला सांगितलं. अपमान झाला, म्हणून गप्प बसला का? नाही. त्याने चेटकिणी कशा ओळखाव्यात यावर एक जाडजूड ग्रंथच लिहिला. म्हणजे सूड त्यानेही घेतला, फक्त त्याच्या सुडाला विद्वत्ता म्हणाले.

शेवटच्या भागाबद्दल मात्र आमची तक्रार कायम आहे. आळंबी खाल्ल्यानंतरची ती भ्रमावस्था फार लांबते, आणि तान्ह्या मुलीचं जे होतं ते दाखवताना कॅमेरा स्वतःच्याच धाडसावर खूश झाल्यासारखा वाटतो. तिथे अल्ब्रुन हातातून निसटते, उरतं फक्त भयपटाचं सामान.

असो. पाण्याचा प्रसंग आता पाहू. मागचे दिवे घालवा, आणि आवाज जरा वाढवा.