पहिल्या तारखेचा शुक्रवार

‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ची कथा संपते आणि तिसऱ्या खंडात पुढे परिशिष्टं सुरू होतात. बहुतेक वाचक तिथे पुस्तक मिटतात. मला मात्र जे. आर. आर. टॉल्किनच्या प्रतिभेचा अस्सल नमुना तिथेच, ‘डी’ परिशिष्टात दिसतो. त्यात हॉबिटांची, म्हणजे त्याने कल्पिलेल्या बुटक्या लोकांची, कालगणना मांडली आहे. मजकूर थोडा आणि दिसायला कोरडा. तो सावकाश, बोटांवर मोजत वाचावा.

शायर हा हॉबिटांचा मुलूख. तिथे बारा महिने, प्रत्येक तीस दिवसांचा. उरलेले पाच दिवस कुठल्याच महिन्यात नाहीत. दोन वर्षाच्या सांध्यावर, तीन ऐन मध्यावर, आणि सगळे सणाचे. इथवर कुणीही कल्पक माणूस पोचेल. पुढची युक्ती विरळा. ३६५ ला सातने भागलं की एक उरतो, म्हणून दरवर्षी तारखेचा वार सरकतो. हॉबिटांना हा विस्कळीतपणा खपेना. दुसरा इझेनग्रिम या त्यांच्या पुढाऱ्याच्या काळात त्यांनी ठरवलं की वर्षाच्या मधल्या दिवसाला वारच द्यायचा नाही. लीप वर्षात वाढणारा दिवसही तसाच बिनवाराचा. राहिले ३६४, म्हणजे नेमके ५२ आठवडे. वर्ष शनिवारी सुरू होतं, शुक्रवारी संपतं आणि प्रत्येक तारखेचा वार कायमचा ठरून जातो.

आता महिन्यांच्या पहिल्या तारखा मोजू. रविवार, मंगळवार, गुरुवार, शनिवार, सोमवार, बुधवार. मग मध्यावरचा सण, आणि पुन्हा रविवारपासून तोच क्रम. शुक्रवार कुठेच येत नाही! हे लक्षात आल्यावर दुसरा कुणी लेखक स्वतःवर खूश होऊन थांबला असता. टॉल्किन ते हॉबिटांच्या तोंडी देतो. जे कधीच घडायचं नाही ते ‘पहिल्या तारखेच्या शुक्रवारी’ घडेल, अशी बोली शायरमध्ये पडली. डुकरं उडतील तेव्हा, झाडं चालतील तेव्हा. पूर्ण म्हणायचं तर सोबत महिन्याचंही नाव घेत, आणि तो महिनाही त्या बारांत नाही. गणितातून दिनदर्शिका बनते. तिच्यावरून थट्टा रुजायला मात्र पिढ्यान्पिढ्या तिच्यात राहिलेली माणसं लागतात. एका वाक्प्रचारात टॉल्किनने त्या पिढ्या उभ्या केल्या.

यातली झाडं कथेला किती खोल जोडलेली आहेत पाहा. पहिल्या खंडाच्या सुरुवातीलाच सॅम नावाचा हॉबिट सांगतो की त्याच्या नात्यातल्या एकाने चालतं झाड पाहिलं. ‘ग्रीन ड्रॅगन’ खानावळीत टेड सँडिमन त्याला हसण्यावारी नेतो. दुसऱ्या खंडात फँगॉर्नच्या अरण्यातून झाडांचे राखणदार एंट खरोखर चालत निघतात आणि त्यांच्या मागोमाग अख्खं रान शत्रूच्या आयझेनगार्ड गडावर येतं. शायरच्या कोष्टकात ज्या दिवसाला जागा नाही, तो दिवस कथेत उजाडतो.

आणखी एक बारकावा मला फार आवडतो. वार ठरून गेल्यावर हॉबिट पत्रांत, रोजनिशीत वार लिहीनासे झाले. घरी ते सोयीचं, पण शेजारच्या ब्री गावापलीकडे प्रवास केला की अडचणीचं. आपल्या कुंपणातलं शहाणपण कुंपणाबाहेर पुरत नाही, हे साऱ्या कादंबरीचं सूत्र इथे तळटीपेच्या सहजतेने येऊन जातं.

हॉबिटांच्या आठवड्यातला मुख्य दिवस शुक्रवार. दुपारनंतर सुट्टी, संध्याकाळी मेजवानी. गोव्यातल्या माझ्या म्हापशात हे वाचताना जीव सुखावतो, कारण आमच्या आठवड्याचा कणाही शुक्रवारचा बाजारच. मयड्याची केळी, हरमलची मिरची त्याच दिवशी घ्यायची. ‘फुडल्या शुक्रारा’ एवढा वायदा पुरतो, तारीख लागत नाही. अशा गावाच्या आठवड्यातून एक दिवस वाराबाहेर काढला तर? बाजार सावरून घेईल, पण चर्चचा रविवार, कुणाचा उपासाचा सोमवार कसा सरकवणार? ही नुसती कल्पना नाही. एलिझाबेथ अचेलिस यांनी १९३० साली पुढे आणलेल्या जागतिक दिनदर्शिकेत असाच बिनवाराचा दिवस होता. भारताने १९५३ साली तो प्रस्ताव संयुक्त राष्ट्रांपुढे नेला, शास्त्रज्ञ मेघनाद साहा त्याचे खंदे पुरस्कर्ते होते. सात दिवसांची अखंड माळ तुटते या धार्मिक आक्षेपापुढे तो टिकला नाही. टॉल्किनचा तिसरा खंड आला १९५५ साली, याच वादाच्या काळात. तो स्वतः श्रद्धाळू कॅथलिक. त्याच्या हॉबिटांना मात्र देऊळ नाही, चर्च नाही, म्हणून त्यांची सुधारणा बिनविरोध पार पडते.

मला खटकतं ते एकच. हॉबिटांच्या तारखांत चंद्र नाही. आमच्याकडे चंद्राशिवाय सण हलत नाही. म्हापशाच्या सेंट जेरोम चर्चमधलं मिलाग्रीस सायबिणीचं, म्हणजे मेरीमातेचं, फेस्त ईस्टरनंतरच्या तिसऱ्या सोमवारी, आणि ईस्टर वसंतातल्या पौर्णिमेला बांधलेला. डिचोलीतल्या शिरगावची लईराई देवीची जत्रा वैशाख शुद्ध पंचमीला. लोक या दोघींना बहिणी मानतात, हिंदूही सायबिणीला तेल वाहतात. चंद्र एक आणि मोजण्याचे नियम दोन, म्हणून बहिणींचे दिवस कधी एकाच आठवड्यात येतात, कधी जवळजवळ महिनाभर लांब पडतात. ही ओढाताण शायरच्या नीटस वर्षात नाही.

ती टॉल्किनला परकी होती असं मात्र नाही. कथेतल्या चंद्रकलांसाठी त्याने १९४१-४२ सालचा खरा चंद्र आधाराला घेतला होता. १९४४ साली मुलाला लिहिलेल्या पत्रात तो सांगतो, की कथानायक फ्रोडो निघून गेल्यानंतरच्या दिवसांत त्याचा चंद्र एका मुलखात उगवत होता आणि त्याच घडीला दुसऱ्या मुलखात मावळत होता. ते जुळवायला त्याने मागच्या प्रकरणांतले भाग पुन्हा लिहिले, आणि त्यात त्याची सबंध दुपार गेली.