हातातला पाना आणि हातची नोकरी

वर्ध्यात चॅप्लिनवर बोलायचं म्हटलं की गांधीजींची भेट निघतेच. २२ सप्टेंबर १९३१ ला लंडनच्या पूर्व भागात, डॉ. कतियाल यांच्या घरी दोघं भेटले. यंत्रांना तुमचा विरोध का, असं चॅप्लिननं विचारलं होतं. पुढं फेब्रुवारी १९३६ मध्ये ‘मॉडर्न टाइम्स’ आला, आणि त्याच एप्रिलच्या अखेरीस गांधीजी शेगावला, म्हणजे आपल्या सेवाग्रामला, राहायला आले. तारखा अशा जुळतात की हा सिनेमा म्हणजे चरख्याची जाहिरात, असं म्हणून मोकळं व्हावंसं वाटतं. आम्हाला ते पटत नाही.

कारण बघा, त्या भटक्याचं यंत्राशी वैर नाहीच. त्याला नोकरी टिकवायची आहे. पट्टा पुढं सरकतोय, नट आवळायचेत, नाक खाजवलं तरी मागे पडायला होतं. काम थांबतं, हात थांबत नाहीत. आपण हसतो ते त्या हातांना.

दोन जेवणं शेजारी ठेवून पाहा. आधी मालकाचा वेळ वाचावा म्हणून यंत्र त्याला भरवतं, आणि बिघडल्यावर तोंडात चक्क नट कोंबतं. नंतर त्याचा मिस्त्री यंत्रात अडकतो, तेवढ्यात जेवणाची सुट्टी होते, यंत्र बंद. मग हा हातानं त्याला भरवतो, कोंबडीचं नरसाळं करून कॉफी पाजतो! यंत्र तेच, पण आता भरवणारा माणूस आहे. सगळ्या सिनेमात आम्हाला हा तुकडा सर्वांत मोठा वाटतो. दुकानातलं स्केटिंग देखणं आहे खरं, पण तिथं नोकरीची धास्ती सैल पडते.

बोलपट रुळले होते, तरी इथं ऐकू येणारं बोलणं येतं ते यंत्रांतून: पडद्यावरचा मालक, ग्रामोफोन, रेडिओ. भटका शेवटी गातो तेही निरर्थक शब्दांत. त्यावर त्याला पक्की नोकरी मिळते आणि लगेच जाते, कारण त्या मुलीला धरायला माणसं येतात.

हिंगणघाट-पुलगावच्या गिरण्यांचा भोंगा ज्यांनी ऐकलाय, त्यांनी फाटकाचा प्रसंग पुन्हा बघावा. कारखाना उघडतोय असं पेपरात वाचून हा धावत सुटतो, गर्दीत घुसतो, आणि फाटक बंद होता होता आत शिरतो. काय तो आनंद! आणि थोड्याच वेळात संप.