'अर्हताकारी सेवा' : एका संज्ञेची चिकित्सा

महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ मधील 'अर्हताकारी सेवा' ही संज्ञा वरकरणी तांत्रिक भासते. तथापि कोणाचे श्रम शासन हिशेबात धरते, हे तीच ठरविते. आकस्मिक खर्चातून वेतन घेणारा कर्मचारी पदाच्या रूपांतरणाने नियमित आस्थापनेवर आला, तर नियम ५७ खालील टीप त्याची पूर्वीची सलग सेवा निम्मीच धरते. ही तरतूद अंतर्विसंगत आहे. ते काम सेवा नसेल, तर निम्मे तरी का मोजावे? सेवा असेल, तर उरलेले निम्मे कोठे गेले? नागपूरच्या कळमना बाजारात पोत्याचे निम्मे वजन धरून पट्टी केली, तर कोणताही शेतकरी ती स्वीकारणार नाही.

आर्थिक भार व रीतसर निवडप्रक्रिया हा शासनपक्षाचा युक्तिवाद उपेक्षणीय नाही. मात्र निवृत्तिवेतन ही कृपा नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने डी. एस. नकारा खटल्यात (१९८२) मानले. प्रेम सिंह खटल्यात (२०१९) उत्तर प्रदेशातील कार्यव्ययी आस्थापनेवरील सेवाही निवृत्तिवेतनासाठी ग्राह्य धरली.

१ नोव्हेंबर २००५ पूर्वीच्या जाहिरातीनुसार निवड होऊन नंतर रुजू झालेल्यांना राज्याने २ फेब्रुवारी २०२४ च्या निर्णयाने जुन्या योजनेचा एकवेळ पर्याय दिला. प्रशासकीय विलंबाचा भुर्दंड कर्मचाऱ्यावर नको, हे तत्त्व त्यातून सूचित होते. नियमित होण्याची प्रतीक्षा हाही विलंबच होय. सबब तेच तत्त्व नियम ५७ लाही लावणे तर्कसंगत ठरते.