मेनाडो, मारिया
मेनाडो, मारिया : (जन्म १९३२). मलाय बोलपटांच्या आरंभीच्या पिढीतील अभिनेत्री व निर्माती. मूळ नाव लिस्बेत दोतुलाँग. तिचा जन्म तत्कालीन नेदर्लंड्स ईस्ट इंडीजमधील सुलावेसी (सेलेबीझ) बेटावर, त्याच्या उत्तर भागातील मेनाडो येथे झाला. त्या गावाचेच नाव तिने पुढे पडद्यावर धारण केले. एल्. कृष्णन् दिग्दर्शित पंगहिदुपान (१९५१) या चित्रपटाद्वारे सिंगापूर येथे तिचा पडद्यावर प्रवेश झाला. त्यात पी. रामली हा तिचा सहकलाकार होता.

सिंगापूरचा मलाय चित्रपट त्या काळी चिनी भांडवल, भारतीय दिग्दर्शक आणि मलाय नटवर्ग यांच्या मेळातून घडत होता. लैला मजनून (१९३४) हा पहिला मलाय बोलपटही बी. एस्. राजहंस यांनी दिग्दर्शित केला होता व त्याच्यामागे मुंबईच्या मोतीलाल केमिकल कंपनीचे पाठबळ होते. पुढे शॉ बंधूंची मलाय फिल्म प्रॉडक्शन्स व लोके वान थो आणि हो आह लोके यांची कॅथे-क्रिस या दोन संस्थांत चढाओढ लागली. कॅथे-क्रिसला या चढाओढीत उभे राहण्याचे बळ मिळाले, ते मुख्यतः मेनाडोच्या एका भूमिकेमुळे.

ती भूमिका म्हणजे बी. एन्. राव दिग्दर्शित पोंतियानाक (१९५७) मधील चोमेल. पोंतियानाक हे बाळंतपणात मरण पावलेल्या स्त्रीचे भूत. आपल्याकडील हडळीशी त्याचे उघड साम्य आहे. मानेत खिळा ठोकला असता ती सुस्वरूप, आज्ञाधारक स्त्री होते, अशी मलाय लोकसमजूत आहे. चित्रपटाच्या कथेत कुबड आलेली, कुरूप व अनाथ चोमेल एका मंत्रौषधीने रूपवती होते, तिचा संसार मांडला जातो. परंतु सर्पदंश झालेल्या पतीचे विष चोखून काढताना रक्ताची चव लागून ती पिशाच बनते. २७ एप्रिल १९५७ रोजी सिंगापूरच्या कॅथे चित्रपटगृहात तो प्रथम दाखविण्यात आला व सुमारे तीन महिने चालला. कँटनी भाषेतही त्याचे ध्वनिमुद्रण झाले. यातील साते विक्रेत्याच्या छोट्या भूमिकेमुळे विनोदी नट वाहिद याला ‘वाहिद साते’ हे कायमचे नाव मिळाले.

सौंदर्याबद्दल ख्याती असलेल्या नटीने कुरूपतेचे सोंग पत्करणे, हे त्या काळी धाडसच होते. तथापि या कथेचे खरे मर्म भयापेक्षा कारुण्यात आहे : चोमेलचा अपराध एवढाच की, ती पतीला वाचवू पाहते. दंदाम पोंतियानाक (१९५७) व सुम्पाह पोंतियानाक (१९५८) या पुढील भागांत हीच नायिका आहे. सुम्पाहमध्ये ती मुलीच्या शोधात भटकणारी माता असून, इतर भुताखेतांच्या व विनोदी प्रसंगांच्या गर्दीतही मेनाडोचा अभिनय संयत राहतो. मुखवटे व युक्तिदृश्ये यांवर दिग्दर्शकाची भिस्त वाजवीपेक्षा अधिक आहे. जेथे कॅमेरा तिच्या चेहऱ्यावर थांबतो, तेथे मात्र त्यांची उणीव भासत नाही. शॉ बंधूंनी आनाक पोंतियानाक (१९५८) काढून या यशाचे अनुकरण केले, ते विशेष लक्षात राहिले नाही.

पुढे तिने सिती झुबैदा (१९६१) या पारंपरिक काव्यकथेवरील चित्रपटात काम केले आणि स्वतःची निर्मितिसंस्थाही काढली. मलाय चित्रपटाच्या इतिहासात स्त्री-निर्माती म्हणून ती आद्य गणली जाते. रामोन एस्तेया दिग्दर्शित पोंतियानाक केंबाली (१९६३) हा तिच्या अखेरच्या चित्रपटांपैकी एक होय. १९६३ मध्ये पाहांगचे सुलतान अबू बकर यांच्याशी विवाह झाल्यावर तिशीच्या आसपास असतानाच तिची कारकीर्द संपुष्टात आली.

तिच्या मूल्यमापनात एक मोठी अडचण आहे. पोंतियानाक व दंदाम पोंतियानाक या दोन्ही चित्रपटांच्या प्रती नष्ट झाल्या आहेत. हो आह लोके यांनी त्या खाणीच्या तळ्यात टाकून दिल्या, असे सांगितले जाते. त्यामुळे तिच्या सर्वांत गाजलेल्या भूमिकेविषयी कथासार, छायाचित्रे व प्रेक्षकांच्या आठवणी यांवरच विसंबावे लागते. सुम्पाह पोंतियानाक मात्र शिल्लक असून, कॅथे-क्रिसच्या ९१ उपलब्ध मलाय चित्रपटांचा संग्रह २०१४ मध्ये युनेस्कोच्या आशिया-पॅसिफिक स्मृतिनोंदवहीत समाविष्ट झाला.