दोन सूर्यांखालचें लोकजीवन

एका आकाशांत दोन सूर्य उगवतात ही कल्पना आतां केवळ कल्पना राहिलेली नाहीं. २०११ सालीं केप्लर दुर्बिणीच्या साह्यानें केप्लर-१६ या युग्मताऱ्याभोंवतीं फिरणारा ग्रह ज्योतिर्विदांनीं शोधून काढला. तेव्हां 'माझ्या जगांत दोन सूर्य आहेत' एवढें सांगूनच अद्भुत कथेचा लेखक आम्हांस थक्क करूं पाहील, तर त्याची वेळ टळून गेली असें म्हटलें पाहिजे. त्याला आतां अधिक अवघड प्रश्न विचारावयाचा: त्या दोन सूर्यांखालीं माणसें जगतात कशीं? त्यांचें पीक, त्यांचें वैर, त्यांचीं लग्नें यांवर त्या जोडीची कोणती छाया पडली आहे?

या कसोटीस लावून पाहण्याजोगी कृति म्हणून ब्रायन ऑल्डिस (१९२५–२०१७) या इंग्रज लेखकाच्या 'हेलिकोनिया' या कादंबरीत्रयीचा परामर्श घेण्याचें आम्हीं योजिलें आहे. तिचे वसंत, ग्रीष्म व हिंवाळा या नांवांचे तीन भाग १९८२, १९८३ व १९८५ सालीं निघाले. हेलिकोनिया हा ग्रह बॅटॅलिक्स नांवाच्या लहान ताऱ्याभोंवतीं ४८० दिवसांत फिरतो. आणि बॅटॅलिक्स स्वतः फ्रेयर नांवाच्या महातेजस्वी ताऱ्याभोंवतीं, आपल्या मापानें २,५९२ वर्षांत, एक फेरा पुरा करतो. त्यामुळें तेथें वर्षें दोन: एक लहान, जें शेतकऱ्याला बोटांवर मोजतां येतें; दुसरें महावर्ष, ज्याचा हिंवाळा संपेपर्यंत उन्हाळ्याची आठवणहि कोणापाशीं उरत नाहीं.

लेखकानें हें गणित प्रस्तावनेंत ठेवून दिलेलें नाहीं. तें माणसांच्या रक्तांत उतरविलें आहे. महावसंत येतांच हाडज्वराची साथ उठते. तींतून जगलेलीं माणसें कृश होतात व येणाऱ्या उष्म्यास योग्य ठरतात. महाशिशिराच्या तोंडाशीं मेदमृत्यु येतो आणि वांचलेल्यांस थंडीसाठीं स्थूल करून सोडतो. रोग हा तेथें शापहि आहे आणि ऋतूची पूर्वतयारीहि आहे. फॅगर नांवाच्या शृंगधारी जातीचें मनुष्याशीं असलेलें वैरहि असेंच आकाशांतून उतरलेलें. फ्रेयरनें बॅटॅलिक्सला आपल्या ओढींत घेतलें त्यापूर्वीं तो ग्रह थंड होता व फॅगरांचा होता. म्हणून त्यांच्या दृष्टीनें फ्रेयर हा आगंतुक चोर. एकाचें भाग्य ज्या सूर्यानें उजळलें, त्याच सूर्यानें दुसऱ्याचें राज्य बुडविलें. आणि या भांडणांत न्याय कोणाकडे, हें ठरविण्याचें काम लेखकानें वाचकावर सोपविलें आहे. त्रयीचें खरें बळ येथें आहे.

आमच्या एका सूर्याच्या देशांत हें कोणास पटावें, असें कोणी विचारील. आम्हांस वाटतें, पुणें जिल्ह्याच्या पूर्वेकडील बारामती व इंदापूर या तालुक्यांतील शेतकऱ्यास तें शहरांतील वाचकापेक्षां लवकर पटेल. हा मुलूख सह्याद्रीच्या पर्जन्यछायेंतला. मृगाचा पाऊस येथें वचनास जागेलच असें नाहीं. जिराइतावरील शाळू उत्तरा-हस्ताच्या सरींकडे डोळे लावून असतो. त्याच तालुक्यांतील ऊस मात्र दुसऱ्याच आकाशावर पोसला जातो. दूर भोरकडे, भाटघरच्या धरणावर जो पाऊस कोसळतो, तो नीरेच्या कालव्यानें वाहत येऊन येथील पाटांत खेळतो. कालव्याखालचा आणि कालव्यावरचा असे एकाच गांवचे दोन शेतकरी दोन निराळ्या वर्षांत जगतात. जवळचा सूर्य आणि दूरचा सूर्य यांची ओळख त्यांस करून द्यावी लागणार नाहीं.

आकाश घरांत कसें शिरतें, हेंहि आपल्याकडेच पाहावें. सूर्य हस्त नक्षत्रांत जातो, पाऊस गडगडतो, आणि पुण्याकडच्या मुली पाटावर हत्ती काढून त्याभोंवतीं भोंडल्याचा फेर धरतात. हस्ताचे तारे कोणते, हें त्यांतील एकीसहि ठाऊक नसलें तरी चालतें. ताऱ्यापासून पाऊस, पावसापासून हत्ती, हत्तीपासून खिरापत: संस्कृतीचा प्रवास असा होत असतो.

खुद्द जोडताऱ्याचें उदाहरण म्हणजे सप्तर्षींतील वसिष्ठ-अरुंधती. विवाहानंतर वधूनें ध्रुव, अरुंधती व सप्तर्षि पाहावे, असें आश्वलायन गृह्यसूत्र सांगतें. हे दोन तारे परस्परांभोंवतीं फिरतात हें ऋषींस ठाऊक होतें, म्हणूनच ते वधूवरांस दाखविण्याची चाल पडली, असें अलीकडे मोठ्या अभिमानानें सांगण्यांत येतें. हा अभिमान आम्हांस मान्य नाहीं. अशा फेऱ्यास लाखों वर्षें लागावयाचीं. तो नुसत्या डोळ्यांस कसा दिसावा? वसिष्ठाचा मुख्य तारा स्वतःच जुळा आहे, हें १८८९ मध्यें वर्णपटावरून कळलें. आणि २००९ मध्यें अरुंधतीचाहि सोबती सांपडल्यावर हें दांपत्य म्हणजे सहा ताऱ्यांचें एकत्र कुटुंब ठरलें! डोळ्यांस दोनच ठिपके दिसत असतां त्यांत सहधर्मचार पाहणें, हें काय थोडें काम आहे? काव्याच्या यशाला वेधशाळेचें प्रशस्तिपत्र मागणें म्हणजे दोहोंचाहि अपमान.

या उदाहरणाशेजारीं ठेवून पाहतां ऑल्डिसचा दोष दिसूं लागतो. पृथ्वीवरून आलेलें ॲव्हर्नस नांवाचें एक निरीक्षक यान त्यानें हेलिकोनियाभोंवतीं फिरत ठेवलें आहे, आणि त्याच्या मिषानें तो वाचकास आकाशाचा अर्थ वेळोवेळीं समजावून देतो. जें ओव्यांतून, सणांतून व शपथांतून कळावें, तें व्याख्यानांतून कळतें. जुन्या काळाची स्मृति त्याच्या जगांत आहे, परंतु ती बहुतेक पितरांच्या छायांपाशीं आहे. चुलीपाशीं ती फारशी आढळत नाहीं. वास्तविक ज्ञान विसरलें तरी विधि टिकतो. अरुंधतीदर्शन दोन हजारांहून अधिक वर्षें टिकलें, तें कोणत्याहि वेधशाळेवांचून. महाग्रीष्माच्या ऐन उन्हांत, कारण ठाऊक नसतांहि, नव्या सुनेच्या ओटींत लोंकरीचा धागा घालणारी एखादी सासू त्या ग्रहावर असावयास हवी होती. ती आम्हांस भेटली नाहीं.

तथापि एवढ्या विस्ताराचें आकाश उभारून त्याखालीं खरीं माणसें वसविणें, हें यश दुर्मिळ आहे. मराठींत जयंत नारळीकरांनीं विज्ञानकथेला प्रतिष्ठा मिळवून दिली. परंतु कल्पित आकाशाखालीं संपूर्ण लोकजीवन उभें करणारी कादंबरी आपल्याकडे अजून विरळाच. ती लिहूं इच्छिणाऱ्यानें नीरेच्या कालव्याच्या वरच्या अंगास एक आणि खालच्या अंगास एक असे दोन पावसाळे काढावे. त्याची निम्मी सामग्री तेथें तयार आहे.