प्रश्नाचा पहारा : बागूल आणि तुलसीराम यांच्या लेखनातील जात

वंशभेदाच्या मानसशास्त्रीय चिकित्सेत फ्रांत्झ फॅनन यांनी ‘नजरे’ला मध्यवर्ती स्थान दिले. ‘ब्लॅक स्किन, व्हाइट मास्क्स’ या मूळ फ्रेंच ग्रंथात (१९५२) एका गोऱ्या मुलाच्या उद्गारासरशी कृष्णवर्णीय माणूस स्वतःच्याच देहाकडे परक्याच्या डोळ्यांनी पाहू लागतो. ही संकल्पना दलित साहित्यास जशीच्या तशी लावणे मात्र अपुरे ठरते. कातडीचा रंग दिसतो. जात दिसत नाही, ती विचारावी लागते. येथे नजरेची जागा प्रश्न घेतो, आणि पहाऱ्याचे निम्मे काम पहाऱ्यातील व्यक्तीवरच येऊन पडते.

बाबूराव बागूल यांच्या ‘जेव्हा मी जात चोरली होती!’ (१९६३) या संग्रहाच्या शीर्षककथेत उधना येथे रेल्वेच्या नोकरीवर आलेला निवेदक खोली शोधताना जातीच्या प्रश्नाला बगल देतो. सहकारी त्याला उच्चवर्णीय समजतात. त्यानंतर मिळणारा प्रत्येक मान त्याचे भय वाढवितो. कारण तो मान त्याला नसून त्याच्याविषयीच्या गैरसमजाला असतो. शीर्षकातील ‘चोरली’ या क्रियापदात उपरोध आहेच. परंतु आरोप करणाऱ्यांची भाषा मनात किती खोल उतरते, याचीही ती खूण आहे.

तुलसीराम यांच्या हिंदी आत्मकथनाच्या ‘मणिकर्णिका’ (२०१४) या दुसऱ्या भागात हाच प्रश्न वाराणसीतील भाड्याच्या खोलीच्या उंबरठ्यावर उभा राहतो. आझमगढ जिल्ह्यातून बनारस हिंदू विश्वविद्यालयात शिकावयास आलेल्या तरुणाला जात उघड होताच खोली सोडावी लागते. बागुलांच्या कथेतील भय मारहाणीच्या स्फोटाकडे धावते. तुलसीरामांच्या निवेदनात ते दिनक्रमात मुरते. याच नगरीत लाभलेल्या मार्क्सवादी विचाराने त्यांना त्या अपमानाकडे अलिप्तपणे, प्रसंगी मिस्कीलपणेही पाहण्याची जागा दिली.

संविधानाच्या सतराव्या कलमाने १९५० साली अस्पृश्यता नष्ट केली. त्यानंतरच्या या दोन्ही कृती दाखवितात, की कायद्याने हटविलेला पहारा मनात चालूच राहतो. त्याची सर्वांत मोठी किंमत मैत्रीला मोजावी लागते. जिव्हाळा वाढला की विचारपूस वाढते, आणि विचारपूस हीच येथे झडती असते.